शेंदराखालचा यवन : बेसनगरचा खांब आणि ब्रिटिशांचा ग्रीक चष्मा

हेलिओडोरसच्या खांबावर आजवर भरपूर लिहिलं गेलं आहे. जाडजूड इंग्रजी ग्रंथांपासून मोबाइलवर फिरणाऱ्या संदेशांपर्यंत कथा एकच: तक्षशिलेहून एक ग्रीक वकील विदिशेला आला, वासुदेवाचा भक्त झाला आणि त्याने गरुडध्वज उभारला. (वकील हा शब्द मी पेशवाईतल्या अर्थाने वापरतो आहे, म्हणजे राजाचा दुसऱ्या दरबारातला प्रतिनिधी.) या कथेत पात्रं दोनच, ग्रीक आणि भारतीय. ज्यांच्या कारकिर्दीत हा लेख सापडला आणि त्याचा अर्थ कोणत्या चौकटीत लावायचा हे ज्यांनी ठरवलं, ते ब्रिटिश या कथेत कुठेच दिसत नाहीत. नाटकात सूत्रधार पडद्याआड गेला की प्रेक्षकाला वाटतं, गोष्ट आपोआप घडते आहे. तसंच काहीसं इथे झालं आहे.

या लेखात त्या सूत्रधाराकडे पाहायचं आहे. ब्रिटिशांचं ग्रीकांशी नातं काय होतं, ते त्यांनी भारतात कसं आणलं, आणि त्यामुळे आपल्या दारातला हा खांब आपण कसा वाचतो, हा विषय. माझं म्हणणं थोडक्यात असं, की ब्रिटिशांच्या ग्रीक-प्रेमातून आपल्याला जुन्या लिपी उघडायची किल्ली मिळाली आणि त्याच प्रेमातून एक चष्माही मिळाला. किल्लीबद्दल आभार मानायलाच हवेत. चष्मा मात्र उतरवायचा राहून गेला. आपल्या बाजूच्या लेखकांनीही तो उतरवला नाही, उलटा करून घातला इतकंच.

मेलेले ग्रीक आणि जिवंत ग्रीक

ब्रिटिश आणि ग्रीक म्हटलं की पहिल्यांदा बायरन आठवतो. १८२१ मध्ये ग्रीकांनी तुर्की सत्तेविरुद्ध उठाव केला, हा कवी त्यांच्या मदतीला गेला आणि १८२४ मध्ये मिसोलोंगी इथे तापाने वारला. पुढे ऑक्टोबर १८२७ मध्ये नवारिनोच्या उपसागरात ब्रिटिश, फ्रेंच आणि रशियन आरमारांनी मिळून तुर्की-इजिप्ती आरमाराचा धुव्वा उडवला आणि ग्रीसच्या स्वातंत्र्याचा रस्ता मोकळा झाला. ही उजळ बाजू.

दुसरी बाजू अशी. लॉर्ड एल्गिनने अथेन्सच्या पार्थेनॉनवरची शिल्पं १८०१ पासून उतरवून नेली आणि १८१६ मध्ये ३५,००० पौंडांना ब्रिटिश सरकारला विकली. ती आजही लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत आणि ग्रीस ती आजही मागतो आहे. त्याच सुमारास, १८१५ पासून, कॉर्फू आणि आजूबाजूची आयोनियन बेटं ब्रिटिशांच्या 'संरक्षणाखाली' आली, ती १८६४ पर्यंत. तिथला पहिला हाय कमिशनर टॉमस मेटलंड हा त्याआधी सिलोनचा गव्हर्नर होता. म्हणजे ज्या हाताने सिंहली प्रजा हाकली, त्याच हाताने ग्रीक प्रजा हाकायला घेतली.

यामागचा विचार आपल्या ओळखीचा आहे. यांचे पूर्वज थोर होते. आजची प्रजा मात्र पडलेली आहे. त्या थोर वारशाचे खरे वारस आम्ही. म्हणून वारशाची आणि प्रजेची, दोघांची देखभाल आम्हीच करणार. 'ग्रीक' या शब्दाच्या जागी 'हिंदू' घाला आणि एकोणिसाव्या शतकातलं हिंदुस्थानवरचं कोणतंही इंग्रजी पुस्तक उघडा. वाक्य तेच भेटतं. सांचीचं तोरण विलायतेला न्यायच्या गोष्टीही त्या शतकात झाल्याच होत्या. नशीब असं की तोरण जागेवर राहिलं. १८६९-७० मध्ये पूर्व तोरणाचे साचे घेतले गेले आणि लंडनला प्लास्टरची प्रतिकृती गेली. पार्थेनॉनच्या वाट्याला एवढंही नशीब आलं नाही.

जिवंत ग्रीक ब्रिटिशांना हिंदुस्थानातही भेटत होते. खिओस बेटावरचं राली घराणं घ्या. १८२२ च्या कत्तलीनंतर खिओसचे व्यापारी देशोदेशी पांगले. लंडनमध्ये बस्तान बसवलेल्या राली ब्रदर्सनी १८५१ मध्ये कलकत्त्याला आणि १८६१ मध्ये मुंबईला पेढी काढली. १८६१ हे अमेरिकेतल्या यादवी युद्धाचं पहिलं वर्ष. तिकडचा कापूस अडला आणि मुंबईच्या कापसाला सोन्याचे दिवस आले. वऱ्हाड-खानदेशचा कापूस गोळा करून युरोपात पाठवणाऱ्या मोठ्या पेढ्यांत रालींचं नाव वरचं होतं. गावच्या बाजारात मात्र ती नुसतीच 'विलायती कंपनी'. तिचे मालक यवन आहेत, कार्ल्याच्या लेण्यात ज्यांची नावं कोरलेली आहेत त्या यवनांचे भाऊबंद, असं कोणाच्या मनातही आलं नसेल. १९४८ मध्ये निघालेल्या रॅलीज इंडियाच्या नावात ते घराणं अजून टिकून आहे.

आणखी एक उदाहरण दिमित्रिओस गालानोस याचं. हा अथेन्सचा माणूस १७८६ मध्ये कलकत्त्याला तिथल्या ग्रीक व्यापाऱ्यांच्या मुलांना शिकवायला आला. पुढे काशीला जाऊन राहिला, पंडितांकडे संस्कृत शिकला, भगवद्गीतेसह अनेक ग्रंथ त्याने ग्रीकमध्ये उतरवले आणि १८३३ मध्ये काशीतच वारला. पुरलं गेलं ते मात्र इंग्रजांच्या कबरस्तानात. हेलिओडोरसनंतर दोन हजार वर्षांनी आलेला हा दुसरा 'यवन भागवत' म्हणायला हरकत नाही. पण इंग्रजी इतिहासग्रंथांत त्याला जेमतेम तळटीप मिळते, कारण तो चुकीच्या काळातला ग्रीक होता.

ग्रीकला ७५०, संस्कृतला ३७५

हे ग्रीक-प्रेम वैयक्तिक आवडीपुरतं नव्हतं. ते नोकरभरतीच्या नियमांत होतं. हिंदुस्थानच्या मुलकी सेवेसाठी स्पर्धा परीक्षा ठरली तेव्हा मेकॉले समितीने १८५४ मध्ये विषयवार गुण सुचवले: ग्रीकला ७५०, लॅटिनला ७५०, संस्कृतला ३७५, अरबीला ३७५. हिंदुस्थानावर राज्य करायला जाणाऱ्या तरुणासाठी ग्रीक ही संस्कृतपेक्षा बरोबर दुप्पट मोलाची होती. हे आकडे मला दहा पानी विवेचनापेक्षा जास्त बोलके वाटतात. जो माणूस शाळेपासून ग्रीक वाचत आला, तो झेलम ओलांडताना अलेक्झांडरचीच वाट शोधणार. त्यात नवल नाही.

परीक्षेच्या आधीची पिढीही तशीच होती. पुण्याचा रेसिडेंट आणि पुढे मुंबईचा गव्हर्नर झालेला माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन हा ग्रीक ग्रंथांचा व्यासंगी वाचक. पेशवाईचा शेवट ज्याच्या हातून झाला, त्या माणसाने १८२७ मध्ये मुंबई सोडल्यावर घरी जाताना वाट वाकडी करून ग्रीस पाहिला. १८४१ मध्ये त्याचा हिंदुस्थानचा इतिहास प्रसिद्ध झाला, त्याला त्याने ग्रीकांनी केलेलं भारतवर्णन आणि बॅक्ट्रियाचं ग्रीक राज्य यांवर स्वतंत्र परिशिष्टं जोडली. व्हिन्सेंट स्मिथ हा तर त्या परीक्षेतूनच आलेला अधिकारी. त्याच्या १९०४ च्या प्राचीन भारताच्या इतिहासात अलेक्झांडरच्या स्वारीला, चढाई आणि माघार अशी, वेगळी प्रकरणं मिळाली. ज्या स्वारीचा भारतीय वाङ्मयात मागमूस नाही, ती प्राचीन भारताच्या इतिहासाचा कणा बनली.

आपणही यातून सुटलेलो नाही. आमचा पिपलानीचा परिसर ज्याच्यामुळे वसला, तो हेवी इलेक्ट्रिकल्सचा कारखाना १९५६ पासून ब्रिटनच्या असोसिएटेड इलेक्ट्रिकल इंडस्ट्रीजच्या तांत्रिक सहकार्याने उभा राहिला. ओमेगा, फाय, थीटा ही अक्षरं आम्ही अभियंते रोज लिहितो, पण ती आमच्यापर्यंत पोचली इंग्रजी पुस्तकांतून, इंग्रजी उच्चारांसकट. ग्रीक म्हणून जे जे आपल्याकडे आलं, ते गेली दोनशे वर्षं इंग्रजांच्या हातून आलं. अपवाद एकच: आपल्या भूमीवरचे जुने कोरीव लेख. तिथे यवन आपल्याशी मधल्या माणसाशिवाय बोलतो, आणि तेही आपल्याच भाषेत.

किल्ली

आता न्यायाची बाजू. हे ग्रीक ज्ञान नसतं तर ते लेख मुकेच राहिले असते. १८३० च्या दशकात अफगाणिस्तान-पंजाबातून मेसन, बर्न्स वगैरे मंडळींनी जमवलेली नाणी कलकत्त्याला जेम्स प्रिन्सेपकडे येऊ लागली. प्रिन्सेप टाकसाळीतला धातुपरीक्षक. या नाण्यांच्या एका बाजूला ग्रीक अक्षरं आणि दुसऱ्या बाजूला अनोळखी लिपी. राजा तोच, बिरुद तेच. ग्रीक वाचता येत असल्यामुळे पलीकडची खरोष्ठी उलगडत गेली. अगाथोक्लिसच्या नाण्यावर ग्रीकच्या जोडीला ब्राह्मी होती. त्यावरून १८३६ मध्ये लासेनने राजाचं नाव वाचलं. आणि १८३७ मध्ये प्रिन्सेपने ब्राह्मी संपूर्ण सोडवली, ती कशावरून? आपल्या सांचीच्या कठड्यावरच्या छोट्या लेखांवरून. कॅप्टन एडवर्ड स्मिथने पाठवलेल्या ठशांत बहुतेक ओळींच्या शेवटी तीच दोन अक्षरं येतात हे त्याने हेरलं आणि ओळखलं, की हे 'दानं' असणार. म्हणजे ब्राह्मीच्या कुलपाला एक दात ग्रीक नाण्याचा बसला आणि एक सांचीच्या गोरगरीब दात्यांचा.

कनिंगहॅम खांबासमोर

आता खांबाकडे येऊ. अलेक्झांडर कनिंगहॅम हा बंगाल इंजिनिअर्सचा अधिकारी, प्रिन्सेपचा शिष्य, आणि इंडो-ग्रीक नाण्यांचा त्या काळातला सर्वांत मोठा जाणकार. अलेक्झांडरच्या पूर्वेकडील वारसांच्या नाण्यांवरची त्याची लेखमाला १८६८ पासून प्रसिद्ध होत होती आणि तीत राजा अंतियाल्किदस अर्थातच होता. १८५१ मध्ये त्याने सांचीचे स्तूप उघडले होते, भेलशाच्या स्तूपांवर १८५४ मध्ये पुस्तक लिहिलं होतं. (विदिशेचं नाव तेव्हा भेलसा.) १८७७ मध्ये तो बेसनगरला, बेतवा आणि बेस नद्यांच्या मधल्या त्या टापूत, या खांबासमोर उभा राहिला.

खांबाला शेंदराचं जाड लिंपण होतं. गावकरी त्याला खाम बाबा म्हणत आणि पूजत. कनिंगहॅमने घडण पाहिली: खाली अष्टकोनी, मग सोळा पैलू, मग बत्तीस, वर गोल. आणि घडणीवरून खांब गुप्तकाळात टाकला. पाच-सहा शतकांचा फरक. आयुष्यभर ज्या राजाची नाणी त्याने हाताळली, त्याच राजाचं नाव हातभर अंतरावर शेंदराखाली होतं.

शेंदूर होता, अक्षरं दिसत नव्हती, त्याला दोष कसा द्यायचा? हे बरोबर आहे. माझी टीका न दिसलेल्या अक्षरांबद्दल नाही. मला महत्त्वाची वाटते ती या पिढीची नजर. या नजरेला ग्रीक म्हणजे आकार: कपड्यांच्या चुण्या, अकँथसची पानं, अपोलोसारखा चेहरा. म्हणून गांधारची मूर्ती दिसली की ती 'ग्रीक-बौद्ध', आणि भारतीय कलेतलं जे चांगलं ते तिकडून आलेलं, असा हिशोब पक्का झाला. बेसनगरच्या खांबात तसलं काहीच नव्हतं. त्याच्यावरचं स्तंभशीर्ष मौर्य परंपरेतल्या उलट्या कमळाच्या वळणाचं, वर गरुड. ग्रीक माणूस ग्रीक आकाराशिवाय असू शकतो, प्राकृतात बोलू शकतो, ब्राह्मीत लिहवून घेऊ शकतो, गरुड उभारू शकतो, ही शक्यताच त्या चष्म्यातून दिसत नव्हती.

१९०९

बत्तीस वर्षांनी, १९०९ च्या जानेवारीत, जॉन मार्शल तिथे आला. पुरातत्त्व खात्याचा हा प्रमुख हिंदुस्थानात येण्याआधी अथेन्सच्या ब्रिटिश संस्थेत तयार झालेला आणि क्रीट बेटावर उत्खननात हात घातलेला. ब्रिटिश-ग्रीक नात्याचा असा पक्का नमुना शोधूनही सापडणार नाही. त्याच्यासोबत ग्वाल्हेर संस्थानच्या सेवेतले लेक होते. बेसनगर तेव्हा शिंद्यांच्या राज्यात होतं. लेक यांना शेंदराखाली अक्षरं असल्याचा संशय आला, थोडा शेंदूर काढला आणि ब्राह्मी दिसली. त्या शेंदराने अक्षरं झाकली हे खरं, पण जपलीही असणार, हे खाम बाबाच्या भक्तांच्या खात्यावर जमा करायला हवं.

लेख सांगतो ते थोडक्यात असं: देवांचा देव जो वासुदेव, त्याचा हा गरुडध्वज, करवणारा भागवत हेलिओडोरस, दियाचा पुत्र, तक्षशिलेचा राहणारा, योनदूत, महाराज अंतियाल्किदसाकडून राजा भागभद्र याच्याकडे आलेला, आणि हे भागभद्राच्या चौदाव्या राज्यवर्षात. खाली दुसरा छोटा लेख आहे: दम, त्याग आणि अप्रमाद या तीन गोष्टी नीट पाळल्या तर स्वर्गाला नेतात. काळ इ.स.पू. दुसऱ्या शतकाचा उत्तरार्ध.

यात एक शब्द फार बोलका आहे. भागभद्राला 'त्रातार' हे बिरुद लावलं आहे. हे ग्रीक 'सोतेर' या पदवीचं भाषांतर. मिनँडरच्या नाण्यांवर एका बाजूला ते ग्रीकमध्ये आणि दुसऱ्या बाजूला प्राकृतात येतं. भारतीय राजांची ही नेहमीची पदवी नव्हे. म्हणजे वकिलाने आपल्या मुलखातला मानाचा शब्द यजमान राजाला अर्पण केला. मुत्सद्देगिरीचं काम असंच चालतं. उत्तर पेशवाईतल्या वकिलांची पत्रं ज्यांनी वाचली आहेत त्यांना हे लगेच कळेल. अंतियाल्किदसाला नुसतं 'महाराज', आणि ज्याच्या दारी आलो त्याला 'त्रातार'. या एका शब्दात मला आकाराच्या शोधात निघालेल्या शंभर पानांपेक्षा जास्त ग्रीक दिसतो.

मार्शलचं पुढे काय झालं तेही पाहू. त्याने १९१३ पासून वीसेक वर्षं तक्षशिला खणली, जे हेलिओडोरसचं गाव. तिथे आपल्याला ग्रीसची आठवण होते असं त्याने स्वतःच लिहून ठेवलं. पण सिरकपला जे प्रचंड घबाड हाती आलं, ते बहुतेक शक-पहलवांच्या काळचं. ग्रीक थर पातळच निघाला.

भांडारकर पिता-पुत्र आणि एक पाचर

या खांबाच्या कथेत मराठी माणसांचा वाटा मोठा आहे आणि तो आपल्याकडेही फारसा सांगितला जात नाही. एकोणिसाव्या शतकात वेबर, लोरिन्सर अशा जर्मन विद्वानांनी असा मुद्दा काढला होता, की कृष्णभक्तीवर, गीतेवर ख्रिस्ती धर्माची छाया आहे. भक्ती ही कल्पना बाहेरून आली, असा त्याचा रोख. बेसनगरचा लेख ख्रिस्तजन्माच्या शंभरेक वर्षं आधीचा आणि त्यात वासुदेव 'देवदेव' आहे. रामकृष्ण गोपाळ भांडारकरांनी १९१३ मध्ये वैष्णव-शैव पंथांवरचा आपला ग्रंथ लिहिला, त्यात हा पुरावा नेमक्या जागी ठेवला. त्याच सुमारास त्यांचे चिरंजीव देवदत्त भांडारकर बेसनगरला कुदळ घेऊन पोचले होते. १९१३ ते १९१५ या दोन हंगामांत त्यांनी खांबाचा परिसर खणला. बाप ग्रंथात, मुलगा मातीत, आणि दोघांचा विषय एकच.

देवदत्तरावांच्या उत्खननातली एक गोष्ट अभियंता म्हणून मला सगळ्यांत मोलाची वाटते. खांबाच्या बुडाशी लोखंडाच्या पाचरी सापडल्या. इतका मोठा दगड उभा करताना तो ओळंब्यात आणायला खालून पाचरी ठोकाव्या लागतात. आजही जड यंत्र पायावर बसवताना आम्ही हेच करतो. त्यातला तुकडा शेफील्डला सर रॉबर्ट हॅडफील्डकडे तपासायला गेला. मँगनीज पोलाद शोधणारा हा माणूस, पोलाद त्याच्याइतकं कोणाला कळणार? त्याच्या तपासणीत कार्बन निघाला ०.७० टक्के. म्हणजे ते साधं घडीव लोखंड नव्हतं, पोलाद होतं, आणि तेही इ.स.पू. दुसऱ्या शतकात जमिनीखाली गाडलेलं.

हेलिओडोरसवर लिहिणाऱ्यांनी त्याच्या धर्मावर, दरबारावर, वंशावळीवर पानंच्या पानं लिहिली. हा दगड कोणी काढला, पैलू कोणी पाडले, पोलाद कोणी केलं, हे विचारलं कोणी? उत्तर जवळच आहे. सांचीच्या दक्षिण तोरणावर स्पष्ट लिहिलं आहे, की कोरीव काम विदिशेच्या हस्तिदंत कारागिरांनी केलं. विदिशा हे कसबी माणसांचं गाव होतं. वकिलाने पैसा आणि मजकूर दिला. खांब विदिशेने दिला.

पुढे १९६३ ते १९६५ मध्ये एम. डी. खरे यांनी इथे पुन्हा उत्खनन केलं. त्यात लंबवर्तुळाकार मंदिराचा पाया मिळाला, हेलिओडोरसच्या आधीपासूनचा. शिवाय त्याच्या खांबाच्या रांगेत आणखी खांबांचे खड्डे मिळाले. या शोधाने चित्रच बदलायला हवं होतं. हेलिओडोरसने इथे काही सुरू केलं नाही. देऊळ चालू होतं, भक्त येत होते, खांब उभे राहत होते. तो त्या रांगेत उभा राहिलेला एक यजमान. बाकीचे खांब गेले आणि त्याचा उरला, म्हणून रांगेचा मानकरी तो ठरला.

टार्न, नारायण आणि आपण

विसाव्या शतकातले दोन ग्रंथ या विषयाचे दोन खांब मानले जातात. डब्ल्यू. डब्ल्यू. टार्न यांनी १९३८ मध्ये बॅक्ट्रिया आणि भारतातल्या ग्रीकांचा इतिहास लिहिला. टार्न मूळचे वकील, म्हणजे कोर्टातले, आणि हौसेने इतिहासकार झालेले. त्यामुळे माझ्यासारख्याला त्यांच्याबद्दल आपुलकी वाटते. त्यांनी या राजांना अलेक्झांडरोत्तर ग्रीक घराण्यांच्या पंक्तीत पाचवं पान वाढलं. पुराव्याचे तुटके धागे त्यांनी कल्पनेने इतके सुबक विणले, की वाचताना धागा कुठे संपला आणि कल्पना कुठे सुरू झाली ते कळत नाही. १९५७ मध्ये अवध किशोर नारायण यांनी त्याला उत्तर दिलं: हा इतिहास ग्रीसचा नव्हे, भारताचा आहे. नारायणांचा नाण्यांचा अभ्यास काटेकोर, आणि टार्नच्या अनेक इमारती त्यांनी पायापासून हलवल्या. ते आवश्यकच होतं.

पण माझी तक्रार अशी, की प्रश्न दोघांचा एकच राहिला: शेवटी जिंकलं कोण? टार्नचा कौल ग्रीसला, नारायणांचा भारताला. हा प्रश्न मुळात साम्राज्यवाल्यांचा आहे. दोन संस्कृती भेटल्या की एक वरचढ आणि एक खालची असलीच पाहिजे, असं गृहीत धरणारा. ब्रिटिशांना तो विचारावा लागत होता, कारण त्यांना ग्रीकांमध्ये आपली आधीची आवृत्ती दिसत होती: युरोपातून आलेले, थोडे, पण राज्य करणारे. आपल्याला तो विचारायची गरज नव्हती.

आज जे संदेश फिरतात, 'हिंदू धर्म स्वीकारणारा पहिला परदेशी' वगैरे, ते याच प्रश्नाचं तिसरं उत्तर. पहिला हा शब्द कुठून आणला? अफगाणिस्तानात अइ खानूम इथे १९७० मध्ये अगाथोक्लिसची नाणी मिळाली, त्यांवर वासुदेव आणि संकर्षण आहेत. तो राजा हेलिओडोरसच्या किमान दोन पिढ्या आधीचा. आणि 'स्वीकारणारा' म्हणजे काय? जनगणनेच्या फॉर्ममध्ये धर्माचा रकाना इंग्रजांनी आणला. हेलिओडोरस स्वतःला भागवत म्हणतो, योनही म्हणतो, तक्षशिलेचाही म्हणतो. त्याला यांतलं काही पुसावंसं वाटलं नाही. आपण का पुसतो आहोत?

महाराष्ट्रातले यवन यात मदत करतील. कार्ल्याच्या चैत्यगृहात धेनुकाकटच्या यवनांनी खांब दिले आहेत, सिंहधय्य, धम्म अशा नावांनी. जुन्नरला गताच्या इरिल यवनाने पाण्याची टाकी दिली, चिट नावाच्या यवनाने भोजनमंडप. नाशिकच्या लेण्यात उत्तरेकडून आलेला योनक इंद्राग्निदत्त, धम्मदेवाचा मुलगा, अख्खं लेणं खोदवतो. इथे ना स्वारी, ना विजय. टाकं, मंडप, खांब. यवन ही त्यांची ओळख गावाच्या नावासारखी, धंद्याच्या नावासारखी, सहज लिहिलेली. बेसनगरचा लेख अलेक्झांडरच्या स्वारीशेजारी ठेवला की तो राजकारणाचा पुरावा होतो. कार्ले-जुन्नरशेजारी ठेवला की तो दात्याचा लेख होतो. मला दुसरी जागा जास्त खरी वाटते, कारण लेखाचा स्वतःचा सूर दात्याचा आहे.

मग काय करायचं

बेसनगर पिपलानीहून सांचीमार्गे दीड-दोन तासांवर आहे. तिथे गेलेला पाहुणा ग्रीक राजदूताची गोष्ट ऐकतो, खांबासोबत फोटो काढतो आणि उदयगिरीकडे निघतो. आपल्या मंडळाची पुढची सहल तिकडे ठरते आहे, म्हणून सुचवतो, की गोष्ट सांगताना क्रम बदलून पाहू या. आधी खरे यांना मिळालेला देवळाचा पाया आणि रांगेतले खड्डे दाखवायचे. मग विदिशेचे कारागीर आणि ती पोलादी पाचर. मग रांगेत उभा राहिलेला तक्षशिलेचा वकील, त्याच्या 'त्रातार' शब्दासकट. मग शतकानुशतकं शेंदूर लावणारे खाम बाबाचे भक्त. आणि सर्वांत शेवटी कनिंगहॅम, मार्शल, लेक आणि दोघे भांडारकर. ब्रिटिशांना गोष्टीतून काढायचं नाही. ते ज्या क्रमाने आले त्या क्रमाने त्यांना आणायचं, आणि त्यांच्याआधी जे होते त्यांना आधी बोलू द्यायचं.